गेम सुरूच होत नाही, तेव्हा...

सुटीचा दिवस असतो. हातातली कामे उरकलेली असतात. डेस्कटॉपवरील चिन्हावर आपण डबल क्लिक करतो, माऊसच्या बाणाशेजारी निळे वर्तुळ क्षणभर फिरते आणि विरून जाते. पडद्यावर काहीच उमटत नाही. ना खिडकी, ना संदेश. पुन्हा क्लिक केले तरी तेच. कालपर्यंत बिनतक्रार चालणारा, किंवा आजच पैसे मोजून घेतलेला गेम संगणकात आहे, पण उघडत नाही.

अशा वेळी बहुतेक घरांतला पुढचा क्रम ठरलेला आहे. आधी संगणक बंद करून चालू करायचा, मग गेम काढून पुन्हा टाकायचा, आणि तेवढ्यानेही भागले नाही तर कोणा जाणकाराकडून सगळा संगणकच 'फॉरमॅट' करून घ्यायचा. माझ्या भाच्याच्या लॅपटॉपवर एक मोटारशर्यतीचा गेम असाच अडला होता. जवळच्या दुकानात नेल्यावर त्यांनी विंडोज नव्याने टाकून दिली. गेम सुरू झाला. पण दोन वर्षे खेळून गाठलेली मजल गेली आणि तिच्यासोबत सहलीची छायाचित्रेही गेली. पुढे तोच गेम घरातल्या दुसऱ्या संगणकावर तोच संदेश देऊन थांबला, तेव्हा आम्ही तो संदेश प्रथमच नीट वाचला. एक पूरक फाइल नव्हती. ती मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावर फुकट मिळते आणि बसवायला पाच मिनिटे लागतात.

सुरू न होणारा गेम बहुधा स्वतः बिघडलेला नसतो. त्याला उभे राहायला ज्या दहा गोष्टी लागतात, त्यांतली एखादी जागेवर नसते. ती कोणती, हे समजण्याआधी केलेला कोणताही उपाय म्हणजे अंधारात मारलेला दगड होय. तो क्वचित लागतोही, पण काय फुटले ते नंतर कळते.

गेम कोठे थांबला?

मुख्य फाइल उघडली की विंडोज प्रथम तिला लागणाऱ्या सामाईक फाइली गोळा करते. या फाइलींना डीएलएल म्हणतात. त्या मिळाल्या की गेम आपला जुना तपशील, म्हणजे पडद्याचा आकार, आवाज, भाषा इत्यादींची फाइल वाचतो. मग ग्राफिक्स कार्डाच्या ड्रायव्हरशी त्याचे बोलणे होते. आजकालच्या बऱ्याच खेळांत याच्या आगेमागे परवान्याची, सर्व्हरची आणि फसवणूक रोखणाऱ्या प्रोग्रॅमची तपासणीही असते. क्रम प्रत्येक खेळात थोडाफार बदलतो. पण गेम कोणत्या टप्प्यावर कोसळला हे पाहिले, तरी निम्मे निदान होते. खिडकीच उघडली नाही तर संशय डीएलएलवर, अँटिव्हायरसवर किंवा जुन्या प्रोसेसरवर घ्यावा. काळी खिडकी उघडून मिटली तर ग्राफिक्सवर आणि तपशिलाच्या फाइलीवर. कंपनीचे बोधचिन्ह दिसून मग गेम बंद पडला तर साठवलेल्या मजलेच्या फाइलीवर किंवा इंटरनेट जोडणीवर.

त्याआधी दोन साध्या गोष्टी. कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही बटणे एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडावा आणि गेमचे नाव यादीत आहे का ते पाहावे. पुष्कळदा मागच्या वेळचा गेम पडद्याआड अडकून राहिलेला असतो आणि तो दुसऱ्याला उभे राहू देत नाही. त्याला तेथूनच बंद करावे. दुसरी गोष्ट म्हणजे संगणक 'शट डाऊन' न करता 'रिस्टार्ट' करावा. विंडोज ८ पासून लवकर सुरू होण्याची जी सोय आली, तिच्यामुळे 'शट डाऊन' केल्यावर विंडोजचा गाभा पूर्ण मिटवला जात नाही, जसाच्या तसा डिस्कवर जपून ठेवला जातो. अडकलेला ड्रायव्हर त्यामुळे दुसऱ्या दिवशीही अडकलेलाच राहतो. 'रिस्टार्ट'मध्ये मात्र सर्व नव्याने सुरू होते.

संदेश आलाच नाही तरी विंडोजने नोंद ठेवलेली असते. स्टार्ट मेनूत 'रिलायबिलिटी' असे टंकून जो आलेख उघडतो, त्यात तारीखवार लाल फुल्या दिसतात. गेम कोसळल्याच्या फुलीवर क्लिक केले की तपशील येतो. हाच मजकूर 'इव्हेंट व्ह्युअर'मध्ये 'विंडोज लॉग्ज'खाली 'अ‍ॅप्लिकेशन' या भागात १००० क्रमांकाच्या नोंदीत मिळतो. त्यात 'फॉल्टिंग मॉड्यूल नेम' या शब्दांपुढे जे फाइलीचे नाव असेल ते टिपून घ्यावे. नाव 'एनव्ही'ने सुरू होत असेल तर ती बहुधा एन्व्हिडियाच्या, आणि 'एटीआय' किंवा 'एएमडी'ने सुरू होत असेल तर एएमडीच्या ग्राफिक्स ड्रायव्हरची फाइल असते. 'एनटीडीएलएल' किंवा 'कर्नलबेस' हे नाव आले तर मात्र फसू नये. या विंडोजच्या मूळ फाइली आहेत आणि सगळी वाहतूक त्यांच्यातूनच जाते. अपघात पुलावर झाला म्हणून पूल खचला असे होत नाही.

हरवलेल्या फाइली

'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही', 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल नाही', 'डी३डीएक्स९_४३.डीएलएल नाही' हे संदेश इतके परिचयाचे आहेत, की बहुतेक जण फाइलीचे नाव शोधयंत्रात टंकतात आणि समोर येईल त्या संकेतस्थळावरून ती एकटी फाइल उतरवून गेमच्या फोल्डरमध्ये टाकतात. असे कदापि करू नये. गेम सुरू होताना विंडोज डीएलएल शोधते ती सर्वसाधारणपणे आधी गेमच्याच फोल्डरमध्ये. तेथे आपण हाताने ठेवलेली अनोळखी फाइल गेमइतक्याच अधिकाराने चालते. ती कोणी, कोणत्या हेतूने बनवली हे आपल्याला ठाऊक नसते. एखाद्या गेमसाठी बँकेचे पासवर्ड धोक्यात घालण्याचे कारण नाही. शिवाय त्या फाइली एकेकट्या येतही नाहीत, त्यांचे संच असतात.

वरील पहिली दोन नावे मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी++ रिडिस्ट्रिब्युटेबल' या संचातली आहेत. २०१५ आणि त्यानंतरच्या आवृत्त्यांना एकच नवा संच पुरतो. २००५, २००८, २०१०, २०१२ आणि २०१३ चे संच मात्र वेगवेगळे असतात आणि एक दुसऱ्याची उणीव भरून काढत नाही. म्हणून यादीत पाच-सहा सारखी नावे दिसली, तर 'पसारा' समजून ती पुसून टाकू नयेत. संगणकाचा वेग वाढवून देतो म्हणणाऱ्या प्रोग्रॅमांच्या नादाने हे संच उडवल्यावर चालू खेळ बंद पडल्याची उदाहरणे मी पाहिली आहेत.

तिसरे नाव डायरेक्टएक्सचे आहे, आणि येथे एक गैरसमज हमखास होतो. विंडोज १० किंवा ११ मध्ये डायरेक्टएक्स १२ आहे, मग नवव्या आवृत्तीची फाइल कशी नाही, असा प्रश्न पडतो. डायरेक्टएक्स ९ चा गाभा विंडोजमध्ये आजही आहे. परंतु 'डी३डीएक्स' नावाच्या मदतनीस फाइली त्या गाभ्याचा भाग कधीच नव्हत्या. २००५ ते २०१० या काळात त्यांच्या २४ पासून ४३ पर्यंत क्रमांकांच्या आवृत्त्या निघाल्या, आणि प्रत्येक गेम आपल्याला हवी ती सोबत घेऊन येई. गेमची डिस्क नसेल किंवा त्याचे फोल्डर दुसऱ्या संगणकावरून नुसते उचलून आणले असेल, तर त्या येत नाहीत. मायक्रोसॉफ्टने जून २०१० मध्ये या सर्व फाइलींचा शेवटचा एकत्रित संच काढला. तो बसवला की आपले डायरेक्टएक्स जुने होत नाही. फक्त रिकामी जागा भरली जाते.

शेवटी '७बी' असलेला त्रुटी क्रमांक याच कुळातला. त्याचा अर्थ बहुधा असा, की ३२ बिटच्या गेमला ६४ बिटची फाइल मिळाली किंवा याच्या उलट झाले. विंडोजने येथे नावांचा मोठा घोळ घातला आहे. ६४ बिट विंडोजमध्ये 'सिस्टिम३२' या फोल्डरात ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या 'सिसवाऊ६४' या फोल्डरात! हाताने फाइल टाकणारा नावावरून चालतो आणि नेमकी उलट जागी टाकतो. संच बसवला तर ती निवड तो संच स्वतः करतो. संगणक ६४ बिटचा असला तरी व्हिज्युअल सी++चे 'एक्स८६' आणि 'एक्स६४' हे दोन्ही प्रकार बसवावेत, कारण जुने खेळ ३२ बिटचेच आहेत.

स्टीममधून घेतलेल्या खेळासाठी नावावर राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज', 'इन्स्टॉल्ड फाइल्स' आणि मग 'व्हेरिफाय इंटेग्रिटी' हा पर्याय निवडावा. गेमच्या मोडक्या किंवा गहाळ फाइली तेवढ्या पुन्हा उतरवल्या जातात, पन्नास-साठ गिगाबाइटचा गेम पुन्हा उतरवावा लागत नाही. एपिक गेम्सच्या दुकानातही अशी सोय आहे.

नाव मराठीत असेल तर

एक कारण असे आहे, जे इंग्रजी मार्गदर्शक पुस्तिकांत सहसा सापडत नाही आणि आपल्याकडे मात्र लागू पडते. विंडोज बसवताना वापरकर्त्याचे नाव कोणी हौसेने देवनागरीत लिहिले, की 'सी' ड्राइव्हवर 'युझर्स'मध्ये त्याच नावाचे फोल्डर तयार होते. कित्येक खेळ आपला तपशील आणि मजल याच फोल्डरमध्ये ठेवतात. विंडोज स्वतः युनिकोड जाणते, तिला 'अनिकेत' आणि 'सुनंदा' ही नावे व्यवस्थित कळतात. पण अनेक जुने आणि काही नवेही खेळ फाइलीचा पत्ता युनिकोडपूर्व काळातल्या २५६ चिन्हांच्या संकेतसंचातून वाचतात. आपल्याकडच्या बहुतेक संगणकांवर हा संच पश्चिम युरोपीय लिपींचा असतो. त्यात देवनागरी अक्षरच नाही. परिणामी प्रत्येक अक्षराच्या जागी प्रश्नचिन्ह येते. आणि प्रश्नचिन्ह हे विंडोजमध्ये फाइलीच्या नावात चालत नाही. गेम अस्तित्वात नसलेल्या पत्त्यावर फाइल उघडू पाहतो, त्याला ती मिळत नाही आणि तो मुकाट्याने बंद होतो.

जपानी, रशियन किंवा ग्रीक माणसाला यावर एक मार्ग होता. 'युनिकोड नसलेल्या प्रोग्रॅमांची भाषा' हे विंडोजमधील सेटिंग बदलले, की त्यांच्या लिपीचा जुना संच लागू होतो. देवनागरीसाठी अशा उपयोगाचा संच विंडोजने ठेवलेलाच नाही. आपली लिपी विंडोजमध्ये आली ती थेट युनिकोडच्या दाराने. लिपीच्या दृष्टीने ती चांगलीच गोष्ट झाली. वीस वर्षांपूर्वीच्या गेमला मात्र ती कळत नाही. त्याच ठिकाणी यूटीएफ-८ वापरण्याची चाचणी स्वरूपातील एक सोय आहे. तिने काही खेळ चालू होतात, पण काही जुने प्रोग्रॅम बिघडतात, तेव्हा ती जपून वापरावी.

येथे खात्याचे नाव नंतर बदलून उपयोग होत नाही, हे लक्षात ठेवावे. पडद्यावर नाव बदलते, फोल्डरचे तसेच राहते. रोमन अक्षरांत नाव दिलेले नवे खाते उघडून तेथे गेम चालवून पाहणे हाच खात्रीचा उपाय. गेम चालला तर कारण सापडले. गेम 'खेळ' किंवा 'मुलांचे' अशा नावाच्या फोल्डरमध्ये टाकला असेल, तरी हीच अडचण येऊ शकते. तेथे निदान ते फोल्डर वेगळे करणे सोपे असते. सर्वच खेळांना हे होत नाही, आणि आपले नाव आपल्या लिपीत लिहू नये असेही कोणी म्हणणार नाही. पण संगणक खेळासाठी घेतला असेल, तर खाते उघडताना एवढी तडजोड केलेली बरी.

'डॉक्युमेंट्स' फोल्डरच्या बाबतीत आणखी दोन अडथळे येतात. वनड्राइव्हने ते फोल्डर आपल्याकडे हलवून घेतले असेल, तर त्यातील फाइली संगणकावर नसून दूरच्या सर्व्हरवर असू शकतात. आणि 'कंट्रोल्ड फोल्डर अ‍ॅक्सेस' ही सुरक्षा कोणी चालू केली असेल, तर अनोळखी प्रोग्रॅमला तेथे लिहिताच येत नाही. दुसऱ्या बाबतीत ती सुरक्षा बंद न करता त्या एका गेमला परवानगी द्यावी.

काळी खिडकी

ग्राफिक्सच्या तक्रारीत ड्रायव्हर अद्ययावत करण्याचा सल्ला सर्वत्र मिळतो आणि तो योग्यच आहे. फक्त ड्रायव्हर एन्व्हिडिया, एएमडी, इंटेल किंवा लॅपटॉपच्या उत्पादकाच्या संकेतस्थळावरूनच घ्यावा. लॅपटॉपवर अनेकदा दोन ग्राफिक्स असतात, एक प्रोसेसरमधले आणि एक स्वतंत्र. गेम दुबळ्याच्या गळ्यात पडला तर तो उघडत नाही. सेटिंग्जमध्ये 'सिस्टिम', 'डिस्प्ले', 'ग्राफिक्स' येथे त्या गेमसाठी जास्त क्षमतेचे कार्ड नेमता येते. डेस्कटॉपवर याचा एक सोपा भाऊबंद आहे. स्वतंत्र कार्ड घेतलेले असते, पण मॉनिटरची वायर मदरबोर्डलाच जोडलेली राहते! हसू येईल, पण एकदा मागे वाकून पाहावे.

तपशिलाची फाइल हे दुसरे ठिकाण. मॉनिटर बदलला आणि जुन्या मॉनिटरला चालणारा आकार नव्याला चालेना, तर गेम काळा होऊन बंद पडतो. ती फाइल बाजूला काढली की बहुतेक गेम नवी, साधी फाइल तयार करतात. महाराष्ट्रातल्या सायबर कॅफेंमध्ये एका पिढीने ज्यावर तास घालवले तो 'जीटीए सॅन अँड्रियास' याचे उत्तम उदाहरण आहे. 'डॉक्युमेंट्स'मधील त्याच्या फोल्डरातली 'जीटीए_एसए.सेट' ही छोटी फाइल बिघडली की गेम उघडत नाही. ती पुसली की उघडतो. मजलेच्या फाइली वेगळ्या असतात, त्यांना हात लागत नाही. तरीही पुसण्याआधी संपूर्ण फोल्डरची प्रत काढून ठेवावी.

डिस्कॉर्ड, फ्रेमची संख्या दाखवणारे प्रोग्रॅम, चित्रीकरण करणारे प्रोग्रॅम हे गेमच्या पडद्यावर आपला थर चढवतात. ते तात्पुरते बंद करून पाहावेत. यावर अधिक लिहिण्यासारखे नाही.

संदेश खोटे बोलतो तेव्हा

संदेश नीट वाचावा असे वर म्हटले, पण तो शब्दशः खरा असतोच असे नाही. २०२३ आणि २०२४ मध्ये अनेकांना अनरिअल इंजिनवर बनलेले खेळ सुरू करताना 'व्हिडिओ मेमरी संपली' असा संदेश येऊ लागला. कार्डात भरपूर मेमरी शिल्लक असायची. लोकांनी ड्रायव्हर बदलले, काहींनी महागडी कार्डेही बदलली. दोष निघाला इंटेलच्या तेराव्या आणि चौदाव्या पिढीतील वरच्या श्रेणीच्या डेस्कटॉप प्रोसेसरांचा. गेम सुरू होताना दाबून ठेवलेली सामग्री उलगडण्याचे आणि चित्रांकनाच्या आज्ञा तयार करण्याचे जड काम प्रोसेसरवर पडते. तेथे हिशेब चुकला की गेमला मिळणारे आकडे निरर्थक ठरतात, आणि तो तक्रार करतो मेमरीची. प्रोसेसरला गरजेपेक्षा जास्त व्होल्टेज मिळते, हे कारण इंटेलने जुलै २०२४ मध्ये सांगितले, ऑगस्टमध्ये त्यावर दुरुस्ती दिली आणि खोक्यात विकलेल्या या प्रोसेसरांची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवून पाच वर्षे केली. ही दुरुस्ती मदरबोर्डच्या बायोस अद्ययावत करण्यातून मिळते. ती पुढचे नुकसान टाळते. एकदा खराब झालेला प्रोसेसर तिने बरा होत नाही. ज्यांच्याकडे असा प्रोसेसर आहे आणि अनेक वेगवेगळे खेळ सुरू होतानाच पडतात, त्यांनी गेमशी झुंजत न बसता पावती शोधावी.

प्रोसेसर निर्दोष असूनही जुना असू शकतो. ऑगस्ट २०१६ मध्ये 'नो मॅन्स स्काय' बाजारात आला, तेव्हा एएमडीच्या फेनॉम प्रोसेसरांवर तो उघडेचना. एसएसई ४.१ या आज्ञासमूहावर तो अवलंबून होता आणि फेनॉममध्ये तो समूहच नव्हता. कंपनीने नंतर दुरुस्ती दिली, पण प्रत्येक कंपनी देत नाही. म्हणून खरेदीपूर्वी किमान आवश्यकतेत प्रोसेसरचे नाव पाहावे. केवळ रॅमचा आकडा पाहून भागत नाही.

विंडोज बदलली, गेम रुसला

जुना गेम नव्या विंडोजवर चालावा यासाठी मायक्रोसॉफ्टने किती आटापिटा केला, याची एक गोष्ट तिथे काम केलेल्या जोएल स्पोल्स्की यांनी लिहून ठेवली आहे. 'सिमसिटी' हा गेम मेमरीचा तुकडा परत केल्यानंतरही तो वाचत असे. जुन्या विंडोजवर ते खपून जाई, विंडोज ९५ वर गेम कोसळू लागला. चूक गेमची होती. तरीही विंडोज ९५ मध्ये अशी तजवीज केली गेली, की 'सिमसिटी' चालू असेल तर परत आलेली मेमरी लगेच काढून घ्यायची नाही! गेमच्या फाइलीवर राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज'मध्ये जो 'कम्पॅटिबिलिटी'चा भाग दिसतो, तो याच वृत्तीचा वारसा आहे. तेथे जुनी विंडोज निवडली की विंडोज गेमला आपले वय कमी सांगते आणि काही जुन्या सवयी पुन्हा पाळते. २००० च्या दशकातील खेळांसाठी हा उपाय अवश्य करून पाहावा. त्या काळातील काही खेळ 'डायरेक्टप्ले'ही मागतात. ती सोय विंडोजमध्ये आहे, पण 'विंडोज फीचर्स'च्या यादीतील 'लेगसी कम्पोनंट्स'मधून स्वतः चालू करावी लागते.

काही दारे मात्र कायमची बंद झाली आहेत, आणि ती ओळखता आली नाहीत तर दिवस वाया जातो. सीडीवरील अनेक खेळांत नक्कल रोखण्यासाठी मॅक्रोव्हिजनचे 'सेफडिस्क' असे. ते विंडोजच्या गाभ्यात आपला एक ड्रायव्हर बसवी. त्यातील सुरक्षेची त्रुटी २००७ मध्ये उघडकीस आली. २०१५ मध्ये विंडोज १० ने तो ड्रायव्हर स्वीकारलाच नाही, आणि त्याच वर्षी सप्टेंबरच्या अपडेटने तो आधीच्या विंडोजवरही बंद झाला. म्हणजे अस्सल, पैसे देऊन घेतलेली डिस्क ड्राइव्हमध्ये फिरते आहे आणि गेम तरीही ती ओळखत नाही. ग्राहकाच्या दृष्टीने हा सरळ अन्याय आहे, पण त्यावर चोरीची फाइल शोधण्यापेक्षा तोच गेम डिस्कच्या तपासणीशिवाय पुन्हा विक्रीला आला आहे का, हे पाहणे शहाणपणाचे. २००८ पासून चालणाऱ्या जीओजी या दुकानात असे बरेच जुने खेळ नव्या विंडोजला जुळवून मिळतात.

१६ बिटचे प्रोग्रॅम ६४ बिट विंडोजवर चालत नाहीत, आणि विंडोज ११ फक्त ६४ बिटमध्येच आहे. नव्वदच्या दशकातले काही खेळ स्वतः ३२ बिटचे असतात, पण त्यांचा बसवण्याचा प्रोग्रॅम १६ बिटचा असतो, त्यामुळे ते दारातच अडतात. 'प्रिन्स ऑफ पर्शिया'सारख्या डॉसवरील खेळांसाठी २००२ पासून उपलब्ध असलेला डॉसबॉक्स हा मोफत प्रोग्रॅम आहे. तो संगणकात जुना संगणक उभा करतो. गेमस्पायचे सर्व्हर ३१ मे २०१४ रोजी बंद झाले, तेव्हा त्यावर अवलंबून असलेले इंटरनेटवरील सामनेही थांबले. स्टीमने १ जानेवारी २०२४ पासून विंडोज ७ आणि ८ ला पाठिंबा देणे थांबवले. विंडोज १० चा सर्वसाधारण पाठिंबाही १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला आहे.

कधी दोष नव्या विंडोजच्या बाजूने येतो. २०२४ च्या अखेरीस विंडोज ११ च्या '२४एच२' अपडेटनंतर यूबीसॉफ्टचे 'असॅसिन्स क्रीड' मालिकेतले काही खेळ गोठू लागले. मायक्रोसॉफ्टने असे खेळ असलेल्या संगणकांना तो अपडेट देणे काही काळ थांबवले होते. मोठ्या अपडेटच्या दुसऱ्याच दिवशी गेम पडला, तर आपण काही मोडले असे समजून घाबरू नये. थोडे थांबावे, गेमची दुरुस्ती येते का पाहावे.

बायोसला हात लावण्यापूर्वी

स्पर्धेच्या खेळांत फसवणूक रोखणारे प्रोग्रॅम आता संगणकाच्या सुरुवातीच्या क्षणापर्यंत पोहोचले आहेत. विंडोज ११ वर 'व्हॅलोरंट'ला टीपीएम २.० आणि 'सिक्युअर बूट' चालू लागते. २०२५ मध्ये आलेल्या 'बॅटलफील्ड ६'लाही 'सिक्युअर बूट' हवे. संदेश तसे स्पष्ट सांगतो, आणि मुले थेट बायोस उघडून पर्याय बदलू लागतात. या लेखातील सर्वांत धोक्याची जागा हीच. डिस्क जुन्या 'एमबीआर' पद्धतीची असेल आणि बायोसमध्ये 'लेगसी' सोडून 'यूईएफआय' निवडले, तर विंडोज सुरूच होणार नाही. आधी डिस्क 'जीपीटी' पद्धतीत बदलावी लागते. त्यासाठी विंडोजमध्येच 'एमबीआर२जीपीटी' हे साधन आहे. तसेच डिस्क बिटलॉकरने कुलूपबंद असेल, तर या बदलानंतर ती ४८ आकड्यांची किल्ली मागू शकते. अनेक लॅपटॉपवर हे कुलूप मालकाच्या नकळत आधीच चालू असते. ती किल्ली आपल्या मायक्रोसॉफ्ट खात्यात आहे का, हे आधी पाहून कागदावर उतरवून ठेवावे. किल्ली नसेल तर डिस्कवरचे सर्व काही कायमचे गेले असे समजावे.

अँटिव्हायरसबद्दलही येथेच सांगायला हवे. तो कधीकधी निरपराध गेमची फाइल उचलून कोंडून ठेवतो, आणि मग चिन्हावर क्लिक करूनही काही होत नाही. 'विंडोज सिक्युरिटी'तील 'प्रोटेक्शन हिस्टरी'मध्ये त्याची नोंद दिसते. गेम अधिकृत दुकानातून घेतलेला असेल तर ती फाइल परत आणता येते. परंतु मित्राच्या पेनड्राइव्हवरून किंवा टॉरेंटवरून आलेल्या गेमसोबत 'आधी अँटिव्हायरस बंद करा' अशी सूचना असेल, तर ती पाळू नये. त्या फाइलीत काय आहे हे सांगणारा एकमेव पहारेकरीच ती आपल्याला घालवायला सांगत असते.

पुन्हा टाकण्याची वेळ आलीच तर

हे सर्व करून भागले नाही, तर गेम काढून पुन्हा टाकावा. पण आधी मजलेच्या फाइली वाचवाव्यात. त्या 'डॉक्युमेंट्स'मधील 'माय गेम्स', वापरकर्त्याच्या फोल्डरातील 'सेव्हड गेम्स', लपलेले 'अ‍ॅपडेटा', किंवा स्टीमच्या फोल्डरातील 'युझरडेटा' यांपैकी कोठेतरी असतात. जुने खेळ त्या गेमच्याच फोल्डरात ठेवतात, आणि तेथून त्या गेमसोबत पुसल्या जाण्याचा धोका असतो. दुकानात संगणक द्यावा लागला, तर 'फॉरमॅट करू नका' असे पावतीवर लिहून घ्यावे आणि त्रुटीच्या संदेशाचे मोबाइलवर काढलेले छायाचित्र सोबत द्यावे. कंपनीच्या मदत विभागाला लिहिताना 'डीएक्सडायग' या विंडोजमधील साधनाने तयार होणारी माहितीची फाइल जोडली, तर निम्मा पत्रव्यवहार वाचतो.

आणि गेम नुकताच विकत घेतलेला असेल तर घड्याळाकडे लक्ष असू द्यावे. स्टीमवर खरेदीपासून १४ दिवसांच्या आत आणि खेळण्याचा वेळ दोन तासांहून कमी असेल, तर पैसे परत मागता येतात. गेम पडद्यामागे अडकून राहिला तर तो वेळही खेळण्यातच मोजला जाऊ शकतो. म्हणून प्रत्येक प्रयत्नानंतर टास्क मॅनेजर उघडून तो खरोखर बंद झाला आहे ना, हे पाहावे, आणि दुसऱ्या आठवड्याच्या अखेरीपूर्वी अर्ज करावा.